दोन चुलींचे घर

एका घरात दोन चुली झाल्या, की भावाभावांत काही बिनसले असावे, असा लोक तर्क करतात. आमच्या कोकणात मात्र अशी कितीतरी घरे होती, की ज्यांत भांडणतंटा काहीच नव्हता आणि तरीही चुली दोन होत्या. एक चूल गावी, कौलारू घराच्या स्वयंपाकघरात धुमसत असे; दुसरी दूर मुंबईत, गिरणगावातील एखाद्या चाळीत पेटत असे. पहिल्या चुलीपाशी घरधनीण, म्हातारी सासू आणि मुले जेवत. दुसऱ्या चुलीवर शिजलेले अन्न घरधनी जेवत असे. घर एकच, संसारही एकच. पण वर्षाचे दहा-अकरा महिने त्या संसाराचे दोन भाग एकमेकांच्या दृष्टीस पडत नसत. अशा एका घराची हकीकत मी फार जवळून पाहिली आहे. ती सांगावयाची, तर माझ्या हस्ताक्षरापासूनच आरंभ केला पाहिजे.

१९७३ साली मी सहावीत होतो. माझे अक्षर वळणदार आहे, असे गुरुजी एकदा वर्गात म्हणाले आणि ती वार्ता वाडीभर पसरली. तेव्हापासून आमच्या शेजारच्या काकींच्या पत्रांचे काम माझ्याकडे आले. काकींचे यजमान, म्हणजे आमचे काका, मुंबईत एका कापडगिरणीत होते. दर महिन्याच्या मध्याला पोस्टमन पाणंदीच्या वळणावर दिसे. तो ओटीवर टेकून पैसे मोजून देई, काकींचा अंगठा उठवून घेई आणि मनीऑर्डरीच्या फॉर्मचा खालचा तुकडा फाडून त्यांच्या हाती ठेवी. त्या तुकड्यावर दोन ओळी लिहिण्यापुरतीच जागा असे. “मी खुशाल आहे. तुमची खुशाली कळवणे.” एवढाच मजकूर. पण काकी तो माझ्याकडून दोनदा, तीनदा वाचून घेत, आणि मग तो तुकडा देवाच्या फळीवर डब्याखाली ठेवून देत.

उत्तर लिहिताना मोठी गंमत असे. त्या काळी बायका पतीचे नाव उच्चारीत नसत. मग पत्राचा आरंभ करावा कसा? काकींनी त्यावर तोड काढली होती. पत्र त्यांच्या चार वर्षांच्या मुलाच्या नावाने जाई. ज्याला अजून पाटीवर रेघ ओढता येत नव्हती, तो मुलगा अंतर्देशीय पत्रावर लिही, “तीर्थरूप बाबांस साष्टांग नमस्कार!” पुढे ठरलेला मजकूर असे : पैसे पोचले, आजीची प्रकृती बरी आहे, पाऊस बरा आहे, येथील सर्व खुशाल आहे, आमची काळजी करू नये.

त्या वर्षी आषाढात भाताची लावणी ऐन भरात असताना काकींना ताप आला. सासूबाईंना दिसत नव्हते. धाकटी मुलगी जेमतेम वर्षाची होती. तरवा उपटून ठेवलेला. तो वेळेवर लागला नाही, तर वर्षाचे भात बुडणार. काकी ताप अंगावर काढून, इरले पाठीवर घेऊन, चार दिवस चिखलात उभ्या राहिल्या. पाचव्या दिवशी त्या अंथरुणाला खिळल्या. तशात पत्राचा दिवस आला. त्यांनी पडल्या पडल्या मजकूर सांगितला, “लावणी आटोपली. येथील सर्व खुशाल आहे.”

माझी लेखणी थबकली. शाळेत आम्हांला खरे बोलावे असे शिकवीत, आणि येथे माझ्याच हाताने खोटे लिहिले जात होते. मी सांगितलेला मजकूर पुरा केला, पण पत्र चिकटविण्यापूर्वी, काकींच्या नकळत, तळाशी एक ओळ घातली : “काकींना फार ताप आहे. त्यांनी लावणी एकटीने केली.”

आठवडाभराने, भर पावसात, पहाटेच्या एस.टी.ने काका येऊन दाराशी उभे राहिले. पावसाळ्यात आगबोटी बंद असत. रात्रभर घाटांतून धक्के खात ते आले होते. काकींचा ताप तोवर उतरला होता. घरात आनंद व्हावयाचा, तो झालाच नाही. काका तेव्हा बदली कामगार होते. गिरणीच्या दाराशी रोज हजेरी द्यावयाची; कायमचा कामगार गैरहजर असेल तर त्याच्या जागी काम मिळावयाचे. चार दिवस गावी काढले, म्हणजे चार दिवसांची मजुरी गेली आणि पाळीही चुकली. पुढच्या महिन्याची मनीऑर्डर निम्म्यावर आली. माझ्या एका ओळीने हा अनर्थ केला, असे वाटून मी काकींच्या अंगणात जाईनासा झालो.

पण परत जाण्याच्या आदल्या संध्याकाळी काकांनी मला बोलाविले. मला वाटले, आता बोलणी खावी लागणार. काका पडवीत बसले होते. ते म्हणाले, “बाळ, तू लिहिलेस ते बरे केलेस. पण आता माझेही खरे ऐक. मी खुशाल म्हणून लिहितो, तेव्हा दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही गावचे अकरा जण असतो. रात्रपाळीवाला कामावरून आला, की दिवसपाळीवाल्याने सोडलेल्या जागेवर अंग टाकतो. कापसाची धूळ छातीत बसते आणि महिना महिना खोकला जात नाही. हे मी कधी कळविले का? ती मला फसविते आणि मी तिला.” काकी दाराआड उभ्या होत्या. त्या हलकेच म्हणाल्या, “फसविणे कसले? काळजी पडू नये, म्हणून.” त्यावर काका म्हणाले, “म्हणूनच तर. काळजी वाटून घ्यावयाची नाही, तर संसार दोघांचा कसा म्हणावयाचा?”

ते शब्द मी विसरलो नाही. मात्र त्यांचा अर्थ पुरता उमगण्यास मला पुष्कळ वर्षे लागली.

ही स्थिती काही एकाच घरावर आली नव्हती. मुंबईतील पहिली कापडगिरणी १८५४ साली कावसजी नानाभाई दावर यांनी स्थापन केली आणि १८५६ साली तिचे यंत्र फिरू लागले. पुढे लालबाग, परळ, भायखळा, शिवडी, वरळी या भागांत गिरण्यांची धुराडी उभी राहिली आणि त्या परिसराला ‘गिरणगाव’ हे नाव पडले. त्या गिरण्यांत राबण्यास माणसे कोठून आली? फार मोठ्या संख्येने ती रत्नागिरी जिल्ह्यातून आली. तेथील जमीन डोंगराळ, शेते लहान, पावसाळ्यातले भात काही महिने पुरेल इतकेच. त्यात खोतीच्या पद्धतीमुळे पिकाचा वाटा खोताला द्यावा लागे. १९४९ साली खोती रद्द करणारा कायदा झाला. परंतु तोवर मुंबईची वाट मळली होती.

मग ही माणसे बायकामुलांना बरोबर का नेत नसत? त्यांची माया कमी होती असे नाही. गिरणीची मजुरी एकट्याच्या पोटाला आणि गावी धाडण्यास जेमतेम पुरे. शहरात बिऱ्हाड थाटणे परवडत नसे. काम आज आहे, उद्या नाही, अशी स्थिती. तेव्हा गावची जमीन हाच एक भरवसा, आणि ती कसण्यास घरी कोणीतरी राहिलेच पाहिजे. म्हणून पुरुष शहरात आणि स्त्री शेतात, अशी विभागणी झाली. जनगणनेचे आकडेही हेच सांगतात. १९२१ साली मुंबई शहरात दर हजार पुरुषांमागे सहाशेहूनही कमी स्त्रिया होत्या. याउलट, रत्नागिरी जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेतही दर हजार पुरुषांमागे अकराशेहून अधिक स्त्रिया आढळल्या. या दोन आकड्यांच्या मध्ये किती घरांतील ताटातूट सामावली असेल, याची कल्पना करा.

येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. कुंभाराचे चाक, कोष्ट्याचा माग, शेतकऱ्याचा नांगर, ही कामे घरात किंवा घराच्या हाकेच्या अंतरावर चालत. आई सूत भरून देई, बाप माग चालवी, मुले दोघांनाही पाहत. कोणाचे श्रम किती, हे सांगावे लागत नसे. ते डोळ्यांसमोर असत. गिरणी आली आणि काम घराबाहेर गेले. भोंगा झाला की माणूस निघे. त्याने काय केले, काय सोसले, हे घराला दिसेनासे झाले. मजुरी तेवढी दिसे, कारण ती मोजता येई. स्त्रीचे शेतातले आणि घरातले काम तर कोणी मोजलेच नाही. तेव्हापासून ‘कमावणारा’ हा शब्द एकट्या पुरुषाला लावण्याची रीत पडली.

वास्तविक स्त्रियाही कमावीत होत्या. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईच्या गिरण्यांतील कामगारांत सुमारे पाचवा हिस्सा स्त्रियांचा होता. त्या मुख्यतः सूत गुंडाळण्याच्या खात्यांत असत. १९२९ साली मुंबई इलाख्यात, बाळंतपणाच्या काळात कारखान्यातील स्त्रीला सुट्टी व भत्ता देणारा कायदा झाला. १९६१ साली असा कायदा साऱ्या देशासाठी झाला, आणि २०१७ पासून पहिल्या दोन अपत्यांच्या वेळी २६ आठवड्यांची रजा देण्याची तरतूद त्यात आली. पण गिरण्यांतील स्त्रियांची संख्या मात्र १९२९ नंतर हळूहळू घटत गेली.

आणि मुंबईतील त्या दुसऱ्या चुलीपाशी कोण बसत असे? तीही एक स्त्रीच. तिला ‘खानावळवाली’ म्हणत. कोणाचा नवरा गेलेला, कोणाच्या नवऱ्याची नोकरी सुटलेली. आपल्या लहानशा खोलीत ती पंधरा-वीस गिरणीकामगारांचे दोन्ही वेळचे जेवण रांधी. पहाटे सर्वांच्या आधी तिचा दिवस उजाडे. पैसे महिनाअखेर येत. तोवर वाण्याची उधारी आणि सावकाराचे व्याज तिच्या मानेवर असे. १९७५ साली प्रेमा पुरव यांनी अशा स्त्रियांना एकत्र आणून ‘अन्नपूर्णा महिला मंडळ’ स्थापन केले आणि त्यांना बँकेचे कर्ज मिळवून दिले. ज्या बाईला सारे ‘घरीच असते’ असे म्हणत, ती एक उद्योग चालवीत आहे, हे तेव्हा कोठे कागदावर नोंदले गेले.

आता पुन्हा आमच्या वाडीत येऊ. २ ऑक्टोबर १९७८ रोजी देशभर प्रौढशिक्षणाचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. आमच्या शाळेतही कंदिलाच्या उजेडात रात्रीचा वर्ग भरू लागला. काकी त्या वर्गाला जाऊ लागल्या. दिवसभर कोयती धरलेल्या बोटांना लेखणी सापडेना. पण त्यांनी चिकाटी सोडली नाही. वर्षभराने एका संध्याकाळी मी नेहमीप्रमाणे पत्र लिहिण्यास गेलो, तेव्हा त्या हसून म्हणाल्या, “आज तुझी गरज नाही, बाळा. आज मी लिहिले.” खरे सांगतो, मला क्षणभर वाईट वाटले. सहा वर्षे सांभाळलेली माझी नोकरी गेली होती! पुढे काकांनीच मला सांगितले, की त्या पत्रात “येथील सर्व खुशाल आहे” हे वाक्य नव्हते. गाय आटली आहे, मुलाचे गणित कच्चे आहे, छपराची चार कौले फुटली आहेत आणि तुमचा खोकला कसा आहे ते खरे लिहावे, असे त्यात होते.

१८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरणीकामगारांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. महिन्यांमागून महिने गेले. संप मिटला असे कोणी जाहीर केले नाही, आणि हजारो कामगारांना पुन्हा काम मिळालेच नाही. त्यांत आमचे काकाही होते. बारा वर्षांची नोकरी संपवून, एक पत्र्याची पेटी आणि एक वळकटी घेऊन ते गावी आले.

त्या दिवसांतील काका मला आठवतात. पोस्टमनची वेळ झाली, की ते पडवीत येऊन बसत. पोस्टमन घरावरून पुढे निघून जाई आणि ते मान खाली घालीत. कोणत्या कुणग्यात कोणते बी पेरावयाचे, कोणाकडून किती मण भात येणे आहे, हे त्यांना ठाऊक नव्हते. ते सारे काकींना ठाऊक होते. पण त्याहून जिव्हारी लागणारी गोष्ट निराळीच होती. मुलाला वहीसाठी पैसे हवे असले, तर बापाला ओलांडून तो आईकडे जाई. दहा वर्षांची मुलगी पाहुण्याशी बोलावे तशी वडिलांशी जपून बोले. गणपतीला आणि शिमग्याला येणारे, खाऊ आणणारे एक भले गृहस्थ, एवढीच तिची वडिलांशी ओळख होती. बारा वर्षे ज्यांच्यासाठी राबलो, त्यांच्याच घरात आपण परके झालो, असे काकांना वाटू लागले.

एके दिवशी काकी गवताचा भारा घेऊन माळावरून उशिरा परतल्या. पाहतात, तो चुलीवर भात शिजलेला, कुळथाचे पिठले तयार, आणि काका मुलीला शेजारी बसवून तव्यावर भाकरी टाकीत आहेत! पाण्याला निघालेल्या दोघीतिघी दारात थांबून तोंडाला पदर लावून हसल्या. सासूबाई कष्टी होऊन म्हणाल्या, “अरे, बायकांचे काम तू कशाला करतोस?” काका शांतपणे म्हणाले, “आई, मुंबईत आठवड्यातून एक दिवस खानावळ बंद असे. बारा वर्षे आम्ही अकरा पुरुषांनी पाळी लावून स्वयंपाक केला. तेथे कोणी हसले नाही. खोलीत जे काम पुरुषाचे होते, ते घरात बायकांचे कसे झाले?”

सासूबाईंपाशी उत्तर नव्हते. मला वाटते, ते कोणापाशीच नाही.

त्यानंतर घराची घडी हळूहळू बसली. शेतीच्या कामात काकी सांगत आणि काका ऐकत. बाजारहाट काका पाहत. मुलाचे गणित काकांनी रोज संध्याकाळी घेतले. पैशांची ओढाताण पुष्कळ वर्षे राहिली. ती लपविण्यात अर्थ नाही. काकांच्या बरोबरीने गावी परतलेल्या सर्वांनाच असे सावरता आले नाही. काही घरे कर्जाने आणि काही व्यसनाने खचली. काकांचे घर तगले, कारण त्या घरातील दोघांनी एकमेकांचे कष्ट पाहण्यास, आणि न दिसणारे कष्ट सांगण्यास, वेळीच आरंभ केला होता.

आज गिरण्यांच्या जागी उंच इमारती आल्या आहेत. १९९८ साली कोकण रेल्वे पूर्ण झाली आणि मुंबई जवळ आली. काकांची नात ठाण्यात एका इस्पितळात परिचारिका आहे. तिची रात्रपाळी असते, तेव्हा तिचे यजमान मुलाचा डबा भरतात आणि त्याला शाळेत पोचवितात. त्यांच्या घरात चूल एकच आहे. तिच्यापाशी पाळीपाळीने दोघेही उभे राहतात. पूर्वी पत्राला आठवडा लागे, आता दूरध्वनीवर क्षणात बोलता येते. तरीही थकून आलेली आई “मी ठीक आहे” म्हणते आणि चिंतेत असलेले वडील “काही नाही” म्हणतात. ‘येथील सर्व खुशाल आहे’ हे जुने वाक्य अजून हद्दपार झालेले नाही.

मुलांनो, काम बदलते, तसे घरही बदलते. हे बदल थांबविणे कोणाच्या हाती नसते, आणि सारेच बदल वाईट असतात असेही नाही. पण घरातील कोण काय सोसते आहे, हे जाणून घेणे आपल्या हाती असते. पुढच्या वेळी घरातील कोणी “ठीक आहे” म्हणाले, तर तेवढ्यावर थांबू नका; जवळ बसा आणि पुन्हा एकदा विचारा.

काका आता नाहीत. त्यांची पत्र्याची पेटी काकींपाशी आहे. तिच्या तळाशी घडी घातलेले एक जुने अंतर्देशीय पत्र आहे. अक्षरे वेडीवाकडी आहेत, काही ठिकाणी काने-मात्रे चुकले आहेत. ते पत्र माझ्या वळणदार हस्ताक्षरातले नाही, याचा मला आज फार आनंद वाटतो.

स्वाध्याय

१. एकदोन वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) काकींचे पत्र चार वर्षांच्या मुलाच्या नावाने का जात असे?
(आ) काका गावी आल्यावर पुढच्या महिन्याची मनीऑर्डर निम्म्यावर का आली?
(इ) ‘अन्नपूर्णा महिला मंडळा’ने खानावळवाल्या स्त्रियांसाठी काय केले?

२. कारणे सांगा.
(अ) गिरणीकामगार आपली बायकामुले गावीच ठेवीत.
(आ) संपानंतर गावी आलेल्या काकांना आपण परके झालो असे वाटले.

३. लेखकाने पत्राच्या तळाशी गुपचूप एक ओळ लिहिली. त्याने योग्य केले की अयोग्य? तुमचे मत सकारण लिहा.

४. पुढील वाक्प्रचारांचा अर्थ सांगून वाक्यांत उपयोग करा : तोड काढणे, ताप अंगावर काढणे, घडी बसणे, जिव्हारी लागणे.

५. उपक्रम : एक दिवस पहाटेपासून रात्रीपर्यंत तुमच्या घरातील प्रत्येक व्यक्ती कोणकोणती कामे करते, याची नोंद करा. ज्या कामाचे पैसे मिळत नाहीत, त्यावर खूण करा आणि ती यादी घरी सर्वांना वाचून दाखवा.